ऑगस्टो साल्वादोर: संकलकाची कारकीर्द जोखावी कशी?

निशाचर:
फिलिपिनो चित्रपटांविषयी वाचू लागले की लिनो ब्रोका आणि इश्माएल बर्नाल या दिग्दर्शकांची नावे हमखास समोर येतात. ब्रोकांचा ‘इन्सियांग’ (१९७६) आणि बर्नाल यांचा ‘मनिला बाय नाइट’ (१९८०) हे दोन्ही चित्रपट ऑगस्टो साल्वादोर या एकाच संकलकाने (एडिटरने) संकलित केले आहेत, हे मात्र श्रेयनामावली वाचताना परवा प्रथमच ध्यानात आले. पहिला एका घरातल्या कोंडमाऱ्याचा, तर दुसरा अख्ख्या शहरात भटकणारा. पुढे साल्वादोर स्वतः मारधाडपटांच्या दिग्दर्शनाकडे वळले. अशा कारकिर्दीत संकलकाचे स्वतःचे म्हणून काय शोधावे?

रीळवेडा:
‘इन्सियांग’ची सुरुवात पाहावी. कत्तलखान्यात डुकरे कापली जात आहेत आणि तिथून चित्रपट थेट मनिलातल्या तोंदोच्या झोपडपट्टीत उतरतो. कोणी काही समजावून सांगत नाही, पण शेवटी नायिकेच्या आईचा प्रियकर दादो याचा खून होतो तेव्हा ती डुकरे आठवल्यावाचून राहत नाहीत. असा सांधा कागदावर सुचला असला, तरी कोणते दृश्य किती वेळ डोळ्यांसमोर ठेवायचे, हे संकलनाच्या टेबलावरच ठरते.

पांथस्थ:
थोडी असहमती नोंदवतो. ‘इन्सियांग’ची कथा मारिओ ओ’हारा यांनी आधी दूरचित्रवाणीसाठी लिहिली होती, त्यामुळे तिचा घट्टपणा बराचसा लेखनातूनच आलेला असावा. संकलकाची खरी कसोटी ‘मनिला बाय नाइट’मध्ये आहे, कारण तिथे नायक असा कोणी नाही, डझनभर पात्रे रात्रीच्या शहरात एकमेकांना भेटतात, फसवतात, हरवतात, आणि तरीही धागा तुटत नाही. अडचण अशी की तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष मार्कोस यांच्या पत्नी इमेल्डा मार्कोस मेट्रो मनिलाच्या गव्हर्नर असताना सेन्सॉरने या चित्रपटावर कात्री चालवली, संवादांतले मनिलाचे उल्लेख काढायला लावले आणि त्याला ‘सिटी आफ्टर डार्क’ या नावाने प्रदर्शित व्हावे लागले. बर्लिन महोत्सवातही तो जाऊ दिला नाही. तेव्हा दोन दृश्यांमधली एखादी उडी खटकली, तर ती साल्वादोर यांची की सेन्सॉरची, हे आधी तपासावे. कोणती प्रत पाहिली, हे न सांगता या चित्रपटाच्या संकलनावर मत देणाऱ्यांचे मला नवल वाटते.

रीळवेडा:
प्रतीचा मुद्दा मान्य. ‘इन्सियांग’ १९७८ मध्ये कान महोत्सवात दाखवला गेला आणि २०१५ मध्ये त्याची पुनर्संस्कारित प्रत तयार झाली. पाहायची तर तीच पाहावी. तुलनेसाठी जेस नाव्हारो यांनी संकलित केलेला ‘किसापमाता’ (१९८१) आणि आइक हार्लेगो ज्युनियर यांचे संकलन असलेला ‘हिमाला’ (१९८२) जोडीला घ्यावेत. ‘हिमाला’ बर्नाल यांचाच असल्याने दिग्दर्शक तोच राहून संकलक बदलला की काय होते, हे त्यातून पाहता येते.

निशाचर:
मी पाहिलेली प्रत ‘सिटी आफ्टर डार्क’ नावाचीच होती. आता मूळ लांबीची प्रत शोधून दोन्हींतील फरकाच्या जागा टिपून ठेवतो आणि मगच इथे लिहितो.