'मेट्रोपोलिस'मधला रोटवांग खरोखरच सत्तापिपासू आहे का?

धागाकर्ता: फ्रिट्झ लांग यांचा 'मेट्रोपोलिस' हा मूकपट १० जानेवारी १९२७ रोजी बर्लिनमध्ये प्रथम दाखवला गेला. त्यातला रोटवांग हा सत्तेने पछाडलेल्या शास्त्रज्ञाचा नमुना मानला जातो, आणि हा शिक्का मला अन्यायाचा वाटतो. त्याचे जिच्यावर प्रेम होते त्या हेलने नगराचा सर्वेसर्वा फ्रेडरसन याच्याशी लग्न केले आणि मुलाला जन्म देताना ती वारली. तिला परत मिळवण्यासाठी रोटवांग यंत्रस्त्री घडवतो आणि त्या कामात उजवा हात गमावतो. अमेरिकेतील वितरणासाठी चित्रपटाला मोठी कात्री लागली तेव्हा हेलचे कथानकच वगळले गेले, त्यामुळे कित्येक दशके प्रेक्षकांना त्याचे दुःख दिसलेच नाही, दिसला तो केवळ उन्माद. २००८ मध्ये ब्वेनोस आइरेसला जवळजवळ पूर्ण प्रत उजेडात आली, तरी आपले मत मात्र कापलेल्या प्रतीवरच बेतलेले आहे.

प्रतिसाद १: मी असहमत आहे. २०१० च्या पुनर्स्थापित आवृत्तीतच रोटवांग कैदेतल्या मारियाला, म्हणजे कामगारांना धीर देणाऱ्या तरुणीला, सांगतो की, यंत्रस्त्री फ्रेडरसनचे नव्हे, तर फक्त आपलेच ऐकते. मारियाचे रूप घेतलेल्या यंत्रस्त्रीच्या चिथावणीने कामगार यंत्रे फोडतात आणि त्यांचीच वस्ती, मुलांसह, पाण्याखाली जाऊ लागते. शिवाय जिने आपल्याला नाकारून दुसऱ्याला निवडले, तिचीच आज्ञाधारक प्रतिकृती धातूतून घडवू पाहणाऱ्याला केवळ शोकाकुल प्रियकर कसे म्हणावे? भुयारात विजेरीच्या झोताने तो मारियाचा पाठलाग करतो, ते दृश्य पुन्हा पाहा: झोत तिच्या अंगावरून फिरतो तेव्हाच ती त्याच्या ताब्यात गेलेली असते. माणसावरचा असा ताबा हीसुद्धा सत्ताच आहे.

धागाकर्ता: तो सूडाने पेटलेला आहे हे उघडच आहे. पण यंत्रस्त्रीला मारियाचा चेहरा देऊन कामगारांत फूट पाडण्याचा हुकूम कोणाचा? फ्रेडरसनचा. तरीही शेवटी कॅथेड्रलच्या दारात कामगारांच्या मुकादमाशी हस्तांदोलन करून फ्रेडरसन सन्मानाने सुटतो, आणि मारियालाच हेल समजणारा भ्रमिष्ट रोटवांग छपरावरून कोसळून मरतो.

प्रतिसाद २: फ्रेडरसनला मोकळे सोडले, ही पटकथेची गंभीर चूक आहे आणि तिथे मी धागाकर्त्यांच्या बाजूने आहे. मात्र मालक दोषी ठरला म्हणून मारियाला कोंडून तिचा चेहरा हिरावणारा शास्त्रज्ञ निर्दोष ठरत नाही. हुकूम फ्रेडरसनचा असला, तरी तो पाळताना रोटवांगच्या मनात फ्रेडरसनच्या मुलाचाही नाश करण्याचा बेत होता.