'गिव्हन' आणि मागे राहिलेल्या वस्तू: तुमचे अनुभव सांगा

'गिव्हन' दुसऱ्यांदा पाहून संपवली. नात्सुकी किझू यांच्या मांगावरची (जपानी चित्रकथेवरची) ही ॲनिमे, म्हणजे जपानी ॲनिमेशन मालिका, २०१९ साली जपानच्या फुजी टीव्हीवर आली, अवघे ११ भाग. (पुढे रसभंग आहे, पाहायची असेल तर इथेच थांबा.) नायक माफुयु शाळेच्या जिन्यात गिटार कवटाळून झोपलेला असतो. गिटार युकीची, त्याच्या गेलेल्या प्रियकराची. तारा गंजलेल्या, एक तुटलेली. त्याच शाळेतला, बँडमध्ये गिटार वाजवणारा रित्सुका नव्या तारा लावून देतो. युकीने आत्महत्या केलेली असते आणि त्याआधीच्या भांडणात माफुयु नको ते बोलून गेलेला असतो.

माझ्याकडे मित्राचं हेल्मेट आहे. घालत नाही, देऊनही टाकवत नाही. तुमच्याकडे असं काय आहे?

*

होस्टेलचा रूममेट गेला तेव्हा मला रडूच आलं नाही. लोक बघत होते. सहा महिन्यांनी मेसमध्ये ताटात कारलं आलं आणि हुंदका फुटला, कारण माझं कारलं नेहमी तो खायचा. रित्सुकाच्या बँडमध्ये गाऊ लागलेल्या माफुयुला गाण्याचे शब्द कार्यक्रमाचा दिवस उजाडला तरी सुचत नाहीत, मग नवव्या भागात स्टेजवर एकदम आवाज फुटतो. ते खोटं वाटलं नाही.

*

थोडा वेगळा सूर लावतो. युकी फारच कमी दिसतो. गेलेला माणूस नुसता मागच्यांच्या दुःखाचं निमित्त होऊन राहतो, हे मला खटकलं. बाकी ते गाणं बरं आहे.

*

वरच्या प्रतिसादाला: मला तर तेच खरं वाटलं. माझ्याकडेही तो आता तेवढाच उरलाय. चप्पल घासत चालणं, चहात बुडवून खारी खाणं.

आम्ही सहा वर्षं एकत्र राहत होतो, घरच्यांसाठी 'रूम पार्टनर'. दहाव्याला मी घाटावर मित्र म्हणून मागे उभा होतो. कावळा शिवेना. काकांनी सांगून पाहिलं, बहिणीने लग्नाचं वचन दिलं, आईने हात जोडले. मला ठाऊक होतं काय सांगायला हवं ते, पण सगळ्यांदेखत कसं बोलणार? शेवटी गुरुजींनी दर्भाचा कावळा करून लावला. समलैंगिक संबंध गुन्हा नाही असा कलम ३७७ चा निकाल लागून तेव्हा वर्ष झालं होतं, घाटावर त्याचा काय उपयोग!

लॉकडाउनमध्ये ही मालिका पाहिली. युकीची आई ती गिटार माफुयुला देते, तिथे थांबवून ठेवली. पुढचा भाग दोन दिवसांनी लावला. मला त्याच्या घरून काही मिळालं नाही, आणि मागायचं तरी कोणत्या नात्याने? खारीचा डबा मात्र आमच्या खोलीतलाच होता, तो आहे.

रित्सुका युकीचा हेवा करतो, तरी ती गिटार टाकून दे म्हणत नाही. असा कोणी भेटला तर बघू.

*

मी बहुधा इथली सगळ्यात लहान. दादाची गिटार कपाटावर आहे, तारा तशाच गंजलेल्या. पहिला भाग पाहून दुसऱ्याच दिवशी नव्या तारा आणल्या. घरी येऊन त्याची वही उघडली तर तो जाड तारा वापरायचा, मी आणल्या पातळ. आता दुकानात बदलून मिळतात का बघते.