ऑटोकॅड (नकाशे काढायचं सॉफ्टवेअर) : वीटकामाचा हॅच (भिंतीत भरायचा रेघांचा नमुना) वेडावाकडा येतोय, मदत हवी आहे

मंडळी, दोन दिवस डोकं खाल्लंय या प्रकरणानं.

साताऱ्याजवळ एका बंगल्याचं काम आहे. सर्व्हेवाल्याकडून प्लॉटची फाइल मिटरमध्ये आली. ती १००० पट स्केल करून मिमीमध्ये आणली आणि त्यावरच ग्राउंड फ्लोअर प्लॅन बसवला. आता २३० मिमीच्या भिंतींना अ‍ॅन्सी ३१ (तिरक्या रेघांचा हॅच) मारतेय, स्केल ३०. पंचेचाळीस अंशांच्या सरळ रेघा यायच्या तर जिन्याच्या पायऱ्यांसारख्या तुटक येतात. काही भिंतींत एकमेकींवर चढतात. कॉलमला एआर-कॉंक (काँक्रीटचा ठिपक्यांचा हॅच) मारला तर सगळे ठिपके एका कडेला गोळा! सॉलिड (नुसता सलग रंग) मात्र व्यवस्थित भरतो.

हे करून झालंय: रीजेन (चित्र नव्यानं दाखवणं), स्केल १० ते १००, मेझरमेंट १ (म्हणजे मेट्रिक) आहे, भिंतींच्या बाह्यरेषा (पॉलिलाइन) बंद आहेत. तीच भिंत जुन्या फाइलमध्ये कॉपी-पेस्ट करून तिथे हॅच केला तर तो सुंदर येतो. आमचे सर म्हणाले, एक्सप्लोड करून (हॅच सुट्या रेघांत फोडून) रेघा हातानं नीट कर. एका भिंतीला करून पाहिलं, बाकीच्यांना करायची हिंमत नाही. शुक्रवारी प्रिंट द्यायची आहे.

प्रतिसाद १ : आयडी कमांड (बिंदूचे कोऑर्डिनेट दाखवणारी) देऊन भिंतीच्या कोपऱ्यावर क्लिक करा. आकडे काय येतात?

धागाकर्ती : एक्स ३९ कोटींच्या वर, वाय १९५ कोटींच्या वर. हे काय आहे?

प्रतिसाद १ : यूटीएम झोन ४३ (पृथ्वीवरची जागा मिटरमध्ये सांगायच्या पद्धतीतला आपला पट्टा). सर्व्हेवाल्यानं खरे कोऑर्डिनेट दिलेत. वाय म्हणजे विषुववृत्तापासूनचं अंतर, सुमारे १,९५७ किमी, आणि तुम्ही ते मिमीत केलंत. हॅचच्या रेघा ०,० पासून मोजत येतात. एवढ्या लांबून मोजताना दशांशातली बारीकशी चूक भिंतीपर्यंत येईतो फुगते. सॉलिडमध्ये रेघाच नाहीत, म्हणून तो शहाण्यासारखा वागतो. जुन्या फाइलमध्ये पेस्ट करताना तुम्ही भिंत ०,० च्या जवळ क्लिक केली असणार.

एचपीओरिजिन (हॅच जिथून मोजायचा तो बिंदू) भिंतीच्या कोपऱ्यावर द्या आणि हॅच नव्यानं मारा. आधीचे आपोआप सुधरत नाहीत, ते हॅचएडिटमधून सेट ओरिजिन करावे लागतात.

प्रतिसाद २ : तेवढ्यावर भागवू नका. पुढे डायमेन्शन, स्नॅप, ऑर्बिट सगळंच अडखळेल. प्लॅन ०,० जवळच्या वेगळ्या फाइलमध्ये काढा आणि सर्व्हेच्या फाइलमध्ये एक्सरेफ करा (बाहेरची फाइल म्हणून जोडा). यूसीएस (आपण ठरवलेले अक्ष) हलवून उपयोग नाही, वस्तू जिथल्या तिथेच राहतात.

धागाकर्ती : अ‍ॅन्सी ३१ सरळ झाला!! एआर-कॉंक दोन कॉलममध्ये अजून रुसलाय, म्हणून प्लॅन मूव्ह करतेय. आधी कोपऱ्याचे खरे आकडे टेक्स्टमध्ये लिहून ठेवले, परत नेता यावा म्हणून. आता त्या एक्सप्लोड केलेल्या भिंतीतल्या रेघा निवडून पुसायला काही सोपी युक्ती आहे का? सगळ्या आउटलाइनच्याच लेयरवर आहेत.