तिसऱ्या दिवशीच्या विडालवर टायफॉइड ठरवू नका

विट्याच्या रुग्णाचा तापाच्या तिसऱ्या दिवशीचा विडाल (टायफॉइडच्या जंतूविरुद्धच्या अँटीबॉडी मोजणारी रक्ततपासणी) ‘ओ’ १:८० आला, म्हणून टायफॉइड धरून औषध सुरू करायचं चाललंय. कृपया थांबा. इतक्या लवकर अँटीबॉडी बहुधा वाढलेल्याच नसतात, आणि आपल्याकडे जुन्या संसर्गामुळेही एवढं टायटर (अँटीबॉडीचं प्रमाण, इथे १:८०) सहज निघतं.

पहिल्या आठवड्यात खरी तपासणी ब्लड कल्चरचीच (रक्तातला जंतू बाटलीत वाढवून बघायची), तीही अँटिबायोटिकचा पहिला डोस जाण्याआधी. मोठ्या माणसाचं ८ ते १० मिली रक्त घ्या. टायफॉइडमध्ये मिलीमागे जेमतेम एखादा जंतू असतो, त्यामुळे २-३ मिलीवर भागवलं तर तो हुकण्याची शक्यता वाढते. कातडी नीट पुसून वाळू द्या, नाहीतर कातडीवरचेच जंतू बाटलीत उगवतात. बाटली मिरजेच्या लॅबला पाठवताना बर्फात ठेवू नका (ही चूक फार होते!), नेहमीच्या तापमानाला त्याच दिवशी पोचवा.

शौचाचं कल्चर दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यात जास्त उपयोगी. नमुना कॅरी-ब्लेअरमध्ये (नमुना नेताना जंतू जिवंत ठेवणारं माध्यम) द्या. लॅबमध्ये एक्सएलडीवर (जंतू वाढवायची प्लेट) काळ्या ठिपक्याच्या वसाहतीच शोधत बसलं तर पॅराटायफी ए (टायफॉइडसारखाच ताप आणणारा जंतू) निसटतो, तो सहसा काळा पडत नाही.

कल्चर निगेटिव्ह आलं तरी टायफॉइड नाहीच असं नसतं, सुमारे निम्म्या रुग्णांतच जंतू उगवतो.