'तिरुक्कणित' पंचांगातला 'तिरु' कुठला?

प्रश्न : चेन्नईत बहिणीच्या सासरी देवघराजवळ पंचांग टांगलेलं असतं, 'तिरुक्कणित'. तिरुपतीतला 'तिरु' म्हणजे श्री, मग हे 'श्रीगणित' का? शेजारच्या मामी मात्र 'वाक्य' पंचांग बघतात. त्यात वाक्य कसलं?

उत्तर : चकवा आहे हा. मूळ शब्द 'दृग्गणित'. तमिळ लिपीत ऋ नाही, द आणि त एकाच अक्षराने लिहितात, क आणि ग यांचंही तेच. म्हणून 'दृक्'चं 'तिरुक्' झालं. 'तिरुक्कोयिल' (देऊळ) या शब्दात खऱ्या 'तिरु'नंतरही क दुणावतो, त्यामुळे नुसत्या रूपावरून फसायला होतंच. अर्थ मात्र आपल्या 'दृक्प्रत्यया'चाच, डोळ्यांना आकाशात दिसेल त्याच्याशी जुळणारं गणित.

आता 'वाक्य'. व्याकरणातलं नव्हे. जुना ज्योतिषी वररुची याच्या नावावर सांगितली जाणारी चंद्राची 248 वाक्यं आहेत, त्यांवरून गणित करतात ते वाक्य पंचांग. पहिलं 'गीर्नः श्रेयः'. कटपयादी पद्धतीने (प्रत्येक अक्षराला ठरलेला अंक) ग 3, न 0, र 2, य 1. उलटं वाचा : 1203, म्हणजे 12 अंश 3 कला. पहिल्या दिवसाची चंद्राची चाल झाली. 248च का, तर तेवढ्या दिवसांत चंद्र मंदोच्चापासून (पृथ्वीपासून सर्वांत दूरच्या बिंदूपासून) निघून नऊ फेऱ्या जवळजवळ पुऱ्या करतो. आकडेमोड पाठ करायची ही युक्ती मला तरी फार आवडते.

प्रश्नकर्ती : मग दोन्ही पंचांगांत फरक पडतो?

उत्तर : पडतो, कधी कधी चांगलाच. शनी कुंभेत गेला तो तिरुक्कणितानुसार 17 जानेवारी 2023ला. तिरुनळ्ळारच्या शनीच्या देवळात 'सनिप्पेयर्ची' (पेयर्ची म्हणजे स्थलांतर) झाली वाक्य पंचांगाप्रमाणे, 20 डिसेंबर 2023ला. मधे अकरा महिने! आपल्याकडे दाते आणि टिळक पंचांगांवरून घरात वाद होतात, तसलंच.

आणखी एक प्रतिसाद : मुखपृष्ठावर साप असलेलं ते 'पांबु पंचांगम'ही वाक्यवालंच. पांबु म्हणजे साप. दुकानात सापाचंच द्या म्हटलं की झालं.

मामी रोज बघतात ते बहुधा राहुकालम, यमगंडम आणि कुळिगै या दिवसातल्या शुभाशुभ वेळा. प्रत्येक दीड तासाचं, वारानुसार जागा बदलणारं. सोमवारचा राहुकाळ साडेसात ते नऊ. कुळिगै म्हणजे आपला 'गुलिक', पण तिथे त्याची गंमत अशी की त्या वेळात केलेलं काम पुन्हा पुन्हा घडतं म्हणतात. म्हणून सोनं घ्यावं, कर्जाचा हप्ता फेडावा, अंत्यसंस्कार मात्र टाळावेत.

प्रश्नकर्ती : आणि त्यांचं पंचांगवाचन पाडव्याला का नसतं?

उत्तर : त्यांचं वर्ष सौर. चित्तिरै 1 साधारण 14 एप्रिलला येतो, तेव्हा देवळांत वाचतात. संवत्सराचं नाव मात्र आपलंच : 2024ला त्यांच्याकडेही 'क्रोधी' होतं.