आपलं जेट इंजिन आपणच घडवायचं की विकतच घेत राहायचं?

मुरगावकर
आपल्या देशी लढाऊ विमानासाठी, तेजस मार्क 1ए साठी, 2021 मध्ये 99 अमेरिकन एफ404 इंजिनांची ऑर्डर गेली. त्यातलं पहिलं हाती पडलं मार्च 2025 मध्ये. तोवर विमानं इंजिनाची वाट बघत उभी.

विकतचं इंजिन म्हणजे निर्धास्त, असंही नाही. आपल्या दाबोळीच्या नौदलाच्या हंसा तळावर मिग-29के ही रशियन लढाऊ विमानं आहेत. त्यांची 40 इंजिनं रचनेतल्या दोषांमुळे सेवेतून काढावी लागली किंवा नाकारली गेली, असं कॅगच्या 2016 च्या अहवालात नोंदलंय.

उलट इस्रो बघा. 1993 मध्ये अमेरिकेच्या दबावामुळे रशियानं क्रायोजेनिक, म्हणजे अतिथंड द्रवरूप इंधनावर चालणाऱ्या रॉकेट इंजिनाचं, तंत्रज्ञान द्यायला नकार दिला. आपण स्वतः कामाला लागलो. 2010 चं पहिलं उड्डाण फसलं, तरी 5 जानेवारी 2014 ला देशी क्रायोजेनिक इंजिनाचं जीएसएलव्ही-डी5 रॉकेट यशस्वी झालं. मग जेट इंजिनाच्या बाबतीत इतकी माघार का? माझं स्पष्ट मत आहे, आणखी एखाद्या परवाना-करारावर पैसा ओतण्याआधी तो देशी इंजिनावर घाला.

जुना फिटर
मुरगावकर, तळमळ पटली, तुलना पटली नाही. माझा जन्म विमानांच्या इंजिनांत गेला. क्रायोजेनिक इंजिन एका उड्डाणात दहा-बारा मिनिटं जळतं, की त्याचं काम संपलं. लढाऊ विमानाच्या इंजिनाला वर्षानुवर्षं, हजारो तास चालायचं असतं. वैमानिक थ्रॉटल सारखा पुढे-मागे करणार, दर वेळी आतला धातू तापणार नि निवणार. नौदलात त्यात खारा वारा.

तेजससाठी आखलेल्या आपल्या देशी जेट इंजिनाला, कावेरीला, 1989 मध्ये मंजुरी मिळाली. लक्ष्य होतं 81 किलोन्यूटन रेट्याचं (इंजिन विमानाला पुढे ढकलतं तो जोर), गाडी अडली सत्तरच्या आसपास. 2008 मध्ये ते तेजसपासून वेगळं केलं, आणि योग्यच केलं. 13 सप्टेंबर 2019 ला याच हंसा तळावर नौदलाच्या तेजसनं विमानवाहू जहाजावर उतरतात तसं धावपट्टीवर आडवी ताणलेली तार पकडून थांबून दाखवलं, ते एफ404 च्या जोरावर. कावेरीसाठी अडून बसलो असतो तर ते विमान अजून कागदावरच असतं.

फर्मागुडीची मेकॅनिकल
काका, रॉकेट आणि जेटमधला फरक तुम्ही नेमका सांगितलात. पण कावेरी अडलं कुठे, तेही बोलायला हवं. मी मुलांना टर्बाइन शिकवते तेव्हा सगळ्यात जास्त वेळ एका पात्यावर जातो. तळहाताएवढं पातं, त्यावर आदळणारा वायू 1500 अंशांच्या वर, आणि ज्या निकेलच्या मिश्रधातूचं ते पातं, तो त्याआधीच वितळतो! म्हणून पातं आतून पोकळ ठेवतात, बारीक छिद्रांतून हवा खेळवतात, वर सिरॅमिकचा लेप देतात.

शिवाय अख्खं पातं एकाच स्फटिकाचं लागतं. साच्याच्या तळाशी पीळ दिलेली अरुंद नळी असते. धातू खालून वर थिजत येतो तेव्हा खाली अनेक स्फटिक तयार होतात, पण त्या वळणांतून एकच वर पोचतो. सांगायला सोपं, पण शंभर पात्यांतली शंभर निर्दोष काढणं ही खरी विद्या. ती करारात मिळत नाही, भट्टीपाशी उभं राहून, पाती बाद करत करत शिकावी लागते. मी मुरगावकरांच्या बाजूची.

सत्तरीकर
आमच्या सत्तरीत होंड्याला सरकारी विमान कंपनी एचएएल आणि फ्रान्सची इंजिन कंपनी साफ्रान मिळून हेलिकॉप्टर इंजिनांचं दुरुस्ती केंद्र उभं राहिलं. इथल्या पोरांना त्यातून काम नि हातात कसब मिळेल. हेही शिकणंच आहे. आधी दुरुस्ती, मग निर्मिती.

मुरगावकर
सत्तरीकर, रोजगार हवाच, त्याबद्दल दुमत नाही. पण दुरुस्ती दुसऱ्याच्या पुस्तिकेबरहुकूम होते. अमुक भाग अमुक तासांनी बदला, एवढं कळतं. तेवढेच तास का, ते मूळ कंपनीकडेच राहतं.

आणि काका, विमान आधी, इंजिन बाहेरून, हा प्रयोग आपण 1961 मध्येच केला. मारुत, आपलं पहिलं देशी लढाऊ जेट! जर्मन अभियंते कुर्ट टँक यांनी आखलेली विमानाची बांधणी उत्तम, पण हवं तेवढ्या ताकदीचं इंजिन शेवटपर्यंत मिळालं नाही. ऑर्फियस या कमी ताकदीच्या ब्रिटिश इंजिनावरच भागवावं लागलं, आणि त्या बांधणीला शोभेल असा वेग त्याला कधी गाठता आला नाही.

जुना फिटर
मारुतचं दुःख मलाही आहे. पण म्हणून आजच्या वैमानिकाला अर्धवट इंजिनावर वर पाठवायचं? तेजस एका इंजिनाचं विमान आहे. ते आकाशात बंद पडलं तर दुसरं नाही. साफ्रानबरोबर 120 किलोन्यूटनचं इंजिन मिळून घडवायचं चाललंय, ती वाट मला शहाणपणाची वाटते. तोवर एफ404 पेक्षा ताकदवान अमेरिकन एफ414 घ्या आणि स्क्वाड्रन भरा.

फर्मागुडीची मेकॅनिकल
मिळून घडवायला माझी हरकत नाही. अट एकच: गरम भागाची रचना, पात्यांचं ओतकाम आणि पुढे बदल करण्याचा हक्क आपल्याकडे हवा. नाहीतर तो नुसता परवाना झाला.

मुरगावकर
एफ414 वरही उडू द्या, काका, त्याला माझा विरोध नाही. पण 2010 मध्ये कावेरीची आकाशातली चाचणी घ्यायला रशियाला जाऊन त्यांच्या आयएल-76 या मोठ्या मालवाहू विमानाला इंजिन टांगावं लागलं, कारण आपल्याकडे तसं विमानच नव्हतं. असं एक विमान आणि उंचावरच्या विरळ हवेची चाचणी इथेच घेता येईल असं केंद्र, एवढ्यासाठी कुणाच्याही करारावर अडून राहायची गरज नाही. पहिला पैसा तिथे घाला, असंच मी म्हणतोय.