इतक्या बँडसाठी वाजवूनही निकी हॉपकिन्स कोणत्याच बँडचे का झाले नाहीत?

गंगापूर रोडकर (प्रश्न)

नमस्कार. माझा भाचा नाशिकमध्ये अभियांत्रिकीच्या शेवटच्या वर्षाला असून मित्रांच्या रॉक बँडमध्ये कीबोर्ड वाजवतो. बँडची तालीम आमच्याच गॅरेजमध्ये चालत असल्यामुळे नाट्यसंगीतावर वाढलेल्या माझ्या कानांना गेल्या दोन वर्षांत या संगीताची सवय झाली आहे, किंबहुना थोडी गोडीही लागली आहे. अलीकडे त्याला मुंबईच्या एका छोट्या स्टुडिओतून ध्वनिमुद्रणासाठी बोलावणे येऊ लागले आहे. सकाळी पंचवटी एक्सप्रेसने जायचे, दोन-तीन गाण्यांत वाजवायचे, ठरलेले पैसे घ्यायचे आणि रात्री परत यायचे. बँडमधील मुलांना हे पसंत नाही. दुसऱ्यांच्या गाण्यांत वाजवत बसलास तर आपली गाणी कधी करणार, असे ती विचारतात.

या वादात भाच्याने इंग्लंडच्या निकी हॉपकिन्स यांचे उदाहरण पुढे केले. रोलिंग स्टोन्स, बीटल्स, द हू, द किंक्स अशा सगळ्यांसाठी पियानो वाजवलेला हा माणूस शेवटपर्यंत 'सेशन'चाच, म्हणजे ठरलेल्या पैशांत दुसऱ्यांच्या ध्वनिमुद्रणात वाजवणारा वादक म्हणून ओळखला गेला, असे तो सांगतो. मला दोन गोष्टी विचारायच्या आहेत. एक म्हणजे, बँडमध्ये न रमणे ही हॉपकिन्स यांची आवड होती की काही अडचण? आणि दुसरे म्हणजे, एवढ्या गाजलेल्या गाण्यांत वाजवून त्यांच्या पदरात नेमके काय पडले? जाणकारांनी सविस्तर लिहावे, ही विनंती.

काळी पाच

आपल्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर त्यांच्या प्रकृतीत आहे, असे माझे मत आहे.

हॉपकिन्स यांचा जन्म 24 फेब्रुवारी 1944 रोजी लंडनच्या पश्चिमेकडील पेरिव्हेल येथे झाला. पियानो लहानपणीच सुरू झाला आणि पुढे शिष्यवृत्ती मिळून ते लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिकमध्ये शिकू लागले. मात्र सोळाव्या वर्षी तो अभ्यास सोडून ते रॉक अँड रोल वाजवणाऱ्या मुलांत सामील झाले. 1962 च्या अखेरीस ते सिरिल डेव्हिस यांच्या ब्लूज बँडमध्ये गेले आणि तिथेच त्यांचा जम बसेल असे वाटत असताना, मे 1963 मध्ये, वयाच्या अवघ्या एकोणिसाव्या वर्षी, त्यांना रुग्णालयात दाखल व्हावे लागले. क्रोन्स नावाचा आतड्यांचा जुनाट आजार त्यांना जडलेला होता. एकामागून एक शस्त्रक्रिया झाल्या, जिवावर बेतले आणि तब्बल एकोणीस महिने अंथरुणात गेले. ते अंथरुणाला खिळलेले असतानाच, जानेवारी 1964 मध्ये, डेव्हिस यांचे निधन झाले, त्यामुळे परतायला बँडही उरला नाही.

बरे झाल्यावर गावोगावी गाडीतून फिरणे, अवेळी खाणे आणि रात्री-अपरात्री वाजवणे त्यांच्या शरीराला झेपणारे नव्हते. त्या काळी लंडनच्या स्टुडिओंत तीन तासांचे एक सेशन असे. ठरल्या वेळी यावे, वाजवावे आणि घरी जाऊन आपल्या बिछान्यात झोपावे. आजारी माणसाला मानवणारे काम हेच होते. स्वरलेखन वाचता येणारा आणि तरीही ब्लूज अंगात मुरलेला पियानोवादक रॉकच्या दुनियेत तेव्हा दुर्मीळ होता. म्हणून 1965 पासून त्यांना कामाची कमतरता पडली नाही. पुढे अडीचशेहून अधिक अल्बममध्ये त्यांनी वाजवले.

'कोणत्याच बँडचे झाले नाहीत' हे मात्र पूर्ण खरे नाही. 1968-69 मध्ये ते जेफ बेक ग्रुपमध्ये होते आणि त्या बँडच्या दुसऱ्या अल्बममध्ये त्यांनी स्वतः रचलेली एक पियानोप्रधान रचनाही आहे. तो बँड 1969 च्या अमेरिकेतील वुडस्टॉक संगीत महोत्सवाच्या तोंडावर मोडला. हॉपकिन्स तरीही वुडस्टॉकला वाजवून आले, पण जेफरसन एअरप्लेन या दुसऱ्या बँडच्या साथीला! त्यानंतर ते सॅन फ्रान्सिस्कोच्या क्विकसिल्व्हर मेसेंजर सर्व्हिसमध्ये रीतसर सदस्य होते. 1973 मध्ये 'द टिन मॅन वॉज अ ड्रीमर' हा त्यांचा स्वतःच्या नावाचा अल्बमही आला. म्हणजे प्रयत्न झाले, पण टिकले नाहीत.

रात्रपाळी

मी नाशिकच्या ऑर्केस्ट्रांत वीस वर्षे कीबोर्ड वाजवला आहे, त्यामुळे चरित्रापेक्षा हाताबद्दल लिहितो.

घरी एकट्याने वाजवणाऱ्या मुलाला डाव्या हाताने खर्ज भरण्याची सवय लागलेली असते. बँडमध्ये ती जागा बास गिटारची असते. दोघांनीही ती भरली की आवाज गढूळ होतो आणि दोष ध्वनियंत्रणेवर ढकलला जातो. हॉपकिन्स यांचे वादन ऐकताना मी सर्वांत आधी त्यांचा डावा हात शोधतो आणि बहुतेक वेळा तो मला मुद्दाम शोधावाच लागतो. रोलिंग स्टोन्सचे 1967 मधील 'शी इज अ रेनबो' ऐकावे. सुरुवातीला चावीच्या खेळण्यातून यावे तसे पियानोचे स्वर उजव्या हातातून एकटेच येतात, ते संपूर्ण गाण्याची ओळख होऊन बसतात आणि गायक सुरू झाला की तोच पियानो एक पाऊल मागे सरकतो. 1973 च्या 'अँजी'मध्ये गायकाची ओळ संपते तिथे पियानो बोलतो. आपल्याकडे पेटीवर साथ करणारा गायकाची जागा अडवत नाही, त्याने सोडलेल्या जागेत उत्तर देतो आणि पुन्हा गप्प होतो. रीत तीच आहे, फक्त वाद्य निराळे.

याउलट बीटल्सच्या 'रिव्होल्यूशन'मध्ये, म्हणजे एकल तबकडीवर निघालेल्या वेगवान आवृत्तीत, मागे सरण्याची सोयच नव्हती, कारण गिटारचा आवाज मुद्दाम फाटका केलेला आहे. 11 जुलै 1968 रोजी हॉपकिन्स आले आणि आधीच ध्वनिमुद्रित झालेल्या त्या गोंगाटावर त्यांनी इलेक्ट्रिक पियानो वाजवला. एवढ्या गलक्यातूनही तो ठसठशीत ऐकू येतो, कारण गिटारच्या पट्ट्यात न शिरता तो वरच्या सप्तकात वाजतो.

आमच्या ऑर्केस्ट्रातील काम अर्थातच वेगळे. व्हायोलिनचा ताफा, बासरी, सतार असे सगळे पीस, म्हणजे गाण्यातले वाद्यांचे तुकडे, दोन कीबोर्डवरून एकट्याने काढायचे, एका हाताने वाजवता वाजवता दुसऱ्या हाताने टोन बदलायचा. एकदा कालिदास कलामंदिरात एका गायिकेच्या पट्टीसाठी ट्रान्सपोजचे, म्हणजे पट्टी बदलण्याचे बटण दोन स्वर वर केले आणि पुढच्या गाण्याआधी ते खाली आणायला विसरलो. सुरुवातीचा पीस मी अगदी झोकात वाजवला. पुढचे गायक माईक हातात धरून नुसते माझ्याकडे बघत राहिले. ती नजर अजून आठवते. चूक माझी होती आणि साडेआठशे माणसांसमोर होती. स्टुडिओत निदान पुन्हा घेता येते. बिदागीचे म्हणाल, तर एका लग्नाच्या सुपारीचे अर्धे पैसे आयोजकाने 'पुढच्या कार्यक्रमात देतो' म्हणून ठेवून घेतले. तो पुढचा कार्यक्रम अद्याप ठरलेला नाही.

सातपूर कॉलनी

काळी पाच यांच्या मताला थोडा विरोध नोंदवतो. केवळ आजारामुळे ते स्टुडिओत राहिले असते, तर 1971 ते 1973 या काळात रोलिंग स्टोन्सबरोबर त्यांनी दौरे केलेच नसते. ब्रिटन, उत्तर अमेरिका, ऑस्ट्रेलिया असे फिरले. युरोपच्या दौऱ्याच्या वेळी मात्र प्रकृतीने साथ दिली नाही. त्यातच दारू आणि अमली पदार्थांचे व्यसन लागले, ज्यातून बाहेर यायला बरीच वर्षे गेली. बँडच्या जगण्याची ओढ त्यांना होती आणि ती त्यांना महागातही पडली, एवढेच म्हणायचे आहे.

जुना करार

दुसऱ्या प्रश्नाकडे अद्याप कोणी वळलेले नाही. सेशन वादकाला वेळेचे पैसे मिळतात. गाणे पडले तरी तेवढेच आणि पन्नास वर्षे जगभर वाजत राहिले तरी तेवढेच. मानधन म्हणजे रॉयल्टी नव्हे. रॉयल्टीतील मोठा वाटा गीतकार-संगीतकार म्हणून ज्याचे नाव लागते त्याच्याकडे जातो. हॉपकिन्स यांचे नाव असे फार थोड्या वेळा लागले. द हू यांच्या 1965 च्या पहिल्या अल्बममधील 'दि ऑक्स' या गायनाविना असलेल्या रचनेवर बँडच्या तिघांबरोबर त्यांचेही नाव आहे. पण ज्या गाण्यांची ओळखच त्यांच्या पियानोमुळे झाली, तिथे ते फक्त वादक आहेत. द किंक्सने 1966 मध्ये 'सेशन मॅन' नावाचे, सेशन वादकाची थट्टा करणारे गाणे केले, त्यातील हार्प्सिकॉर्ड हे पियानोसारखे जुने वाद्यसुद्धा हॉपकिन्स यांनीच वाजवले. थट्टा ज्याच्या धंद्याची, वादनही त्याचेच आणि मानधन नेहमीचेच!

वादकाने सुचवलेली सुरावट ही रचना धरायची की नाही, हा वाद प्रोकोल हारमच्या 'अ व्हाइटर शेड ऑफ पेल' या 1967 च्या गाण्यावरून ब्रिटनच्या न्यायालयात गेला. त्यातील हॅमंड ऑर्गनची सुरावट बँडचे ऑर्गनवादक मॅथ्यू फिशर यांची होती. त्यांनी 2005 मध्ये दावा लावला. 2006 मध्ये खालच्या न्यायालयाने संगीताच्या हक्कात 40 टक्के वाटा दिला, 2008 मध्ये अपिलात तो आर्थिक लाभ गेला आणि 2009 मध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सने, म्हणजे तिथल्या तेव्हाच्या सर्वोच्च न्यायपीठाने, तो परत मिळवून दिला. मात्र पैसे मिळाले ते दावा लावल्यापासूनचे. त्याआधीची अडतीस वर्षे गेली ती गेलीच. फिशर बँडचे सदस्य होते, तरी इतके झगडावे लागले. तीन तासांसाठी येणाऱ्या वादकाने काय करावे?

भारतात 2012 च्या दुरुस्तीनंतर कॉपीराइट कायद्याने सादरकर्त्याला व्यापारी वापरातून रॉयल्टीचा हक्क दिला आहे आणि सादरकर्त्याच्या व्याख्येत वादकही येतो. तो हक्क कागदावरून खिशात येणे ही निराळी गोष्ट. आपल्या भाच्याने निदान तीन गोष्टी लेखी घ्याव्यात: मानधन किती, श्रेयनामावलीत नाव येणार का आणि एखादा पीस त्याने स्वतः बांधला तर तो कोणाचा. स्टुडिओ छोटा असला की हे विचारायला संकोच वाटतो, पण नंतर विचारायला त्याहून जास्त वाटतो.

हॉपकिन्स 6 सप्टेंबर 1994 रोजी नॅशव्हिल येथे वारले. वय पन्नास, कारण पुन्हा तेच आतड्यांचे दुखणे. रॉक अँड रोल हॉल ऑफ फेममध्ये त्यांचा समावेश झाला तो 2025 मध्ये.

गंगापूर रोडकर

सर्वांचे मनःपूर्वक आभार. सातपूर कॉलनी यांचा मुद्दा भाच्याला झोंबला, कारण घरच्यांपुढे त्याने हॉपकिन्स यांना अगदी शहाण्या, बेतशीर माणसाच्या रूपात उभे केले होते. जुना करार यांनी सांगितलेल्या तीन गोष्टी त्याने कागदावर उतरवल्या. 'पीस कोणाचा' हे विचारायचे धाडस या खेपेला होणार नाही, असे त्याने प्रामाणिकपणे सांगितले. उरलेल्या दोन तो येत्या शुक्रवारी विचारणार आहे.

काल रविवारी तालमीला मी गॅरेजच्या दारात खुर्ची टाकून बसलो होतो. रात्रपाळी यांचे लिखाण मी बँडला मोठ्याने वाचून दाखवले. त्यावर बास गिटार वाजवणाऱ्या मुलाने भाच्याचा डावा हात रुमालाने खुर्चीच्या पाठीला बांधला आणि एक पूर्ण गाणे तसेच वाजवायला लावले. गाणे संपल्यावर ड्रमवाल्याने 'पुन्हा एकदा' म्हटले. रुमाल तसाच ठेवून त्यांनी ते आणखी दोनदा वाजवले.